वावरातले पाणी: मुरवायचे की काढायचे?

पिकाच्या मुळांभोवती साचलेले जादा पाणी वाट करून घालवणे म्हणजे निचरा. बीड जिल्ह्याची ओळख दुष्काळाची, टँकरची आणि दरवर्षी ऊसतोडीला बाहेर पडणाऱ्या मजुरांची. तिथे पाणी काढून देण्याची चर्चा ऐकणाऱ्याला विसंगत वाटते. पण या जिल्ह्यात टंचाई आणि अतिरेक एकाच शिवारात, कधी एकाच वर्षात नांदतात. केज तालुक्यातील धनेगावचे मांजरा धरण २०१६ च्या उन्हाळ्यात आटले आणि लातूर शहराला मिरजेहून रेल्वेने पाणी न्यावे लागले. याच धरणाचे दरवाजे सप्टेंबर २०२१ मध्ये उघडावे लागले आणि नदीकाठची पिके पाण्याखाली गेली. सप्टेंबर २०२५ च्या अतिवृष्टीत सिंदफणा आणि गोदावरीच्या काठची उभी पिके गेली, कित्येकांच्या रानातली मातीही खरडून गेली.

अशा जिल्ह्यात वावरातले पाणी मुरवावे की काढावे, यावर एकाच घरात दोन मते असतात. एक मत जुन्या वहिवाटीवर विसंबते, दुसरे यंत्रे आणि पाइप यांच्याकडे पाहते. पुढे ही मते चुलते आणि पुतण्या या दोन प्रातिनिधिक वक्त्यांच्या तोंडी घातली आहेत. प्रत्येक मुद्द्यावर संवादानंतर विवेचन आहे.

जमिनीचा स्वभाव

बीड जिल्ह्याची माती बेसाल्ट खडकापासून झालेली आहे. बालाघाटाच्या डोंगररांगेवर आणि तिच्या उतारांवर ती उथळ, मुरमाड आणि हलकी आहे. तिथे पाणी लगेच झिरपते. भौगोलिक मानांकन मिळालेले बीडचे सीताफळ अशाच खडकाळ रानात येते. उत्तरेकडे गोदावरीकाठची गंगथडी आणि सिंदफणेचे खोरे, म्हणजे गेवराई आणि माजलगावचा बराच भाग, भारी काळ्या जमिनीचा आहे. या मातीत चिकणमातीचे प्रमाण साधारण ४० ते ६० टक्के असते. उन्हाळ्यात ती आकसते आणि तिला खोल भेगा पडतात. पहिले पाऊस त्या भेगांतून खोलवर जातात. माती फुगून भेगा मिटल्या की पाणी मुरण्याचा वेग अगदी मंदावतो आणि पुढचा पाऊस वरच तुंबतो.

तुंबलेल्या पाण्यामुळे मातीतल्या पोकळ्यांतली हवा जाते आणि मुळांना प्राणवायू मिळत नाही. जमिनीतले नत्र वायुरूपाने उडून जाते, म्हणून पीक पिवळे पडते. कापसात 'आकस्मिक मर' दिसते: कालपर्यंत हिरवे असलेले झाड माना टाकते. तुरीला तर साचलेले पाणी फारच कमी सोसते. जमीन वापशावर न आल्याने डवरणी आणि खुरपणी लांबते, तण माजते.

पड ठेवायची की पेरायची?

पुतण्या: बप्पा, खालच्या वावरातलं पाणी हटायला तयार नाही. कापूस माना टाकून उभा आहे. औंदा पाइप टाकून पाणी काढूनच देऊ.

चुलते: ते रान पावसाळ्यात पेरायचंच नव्हतं, बाबा. तुझ्या आज्यानं तिथं खरिपाला कधी तिफण घातली नाही. नुसत्या वखराच्या पाळ्या द्यायचा. हस्ताच्या सुमाराला ज्वारी पेरली की ती पोटातल्या ओलीवर पिकायची.

पुतण्या: तवा घरात लागत होतं काय? आता सोसायटीचा हप्ता आहे, पोरांची फी आहे. रान चार महिने मोकळं ठेवून कसं भागंल?

चुलत्यांनी सांगितलेली रीत म्हणजे 'खरीप पड'. भारी काळ्या जमिनीत पावसाळाभर पीक न घेता सप्टेंबरच्या मध्यापासून ऑक्टोबरच्या मध्यापर्यंत रब्बी ज्वारी पेरण्याची पद्धत मराठवाडा आणि सोलापूर भागात पिढ्यान्‌पिढ्या चालत आली. मालदांडीसारखी ज्वारी आणि हरभरा पुढे पाऊस झाला नाही तरी खोलवर साठलेल्या ओलीवर तग धरतात. निचऱ्याच्या दृष्टीने पाहिले तर ही रीत प्रश्नच टाळते. पाणी तुंबण्याच्या काळात रानात बुडायला पीक नसते आणि तुंबलेले पाणी मुरून पुढच्या पिकाची शिदोरी होते.

या रीतीच्या जोडीला इतर व्यवस्था होत्या. पेरणी उताराला आडवी होई. बांधाच्या खालच्या कोपऱ्यात दगडी सांडवा ठेवत, म्हणजे जादा पाणी बांध न फोडता पुढे जाई. रानांतले चर ओढ्याला मिळत आणि ओढा नदीला मिळे. तळ्यातला गाळ काढून हलक्या रानात टाकत. २०१७ मध्ये सुरू झालेल्या 'गाळमुक्त धरण, गाळयुक्त शिवार' योजनेने याच जुन्या कामाला सरकारी रूप दिले. मात्र गाळाचा फायदा मुरमाड रानाला होतो. आधीच चिकण असलेल्या काळ्या जमिनीवर त्याचे थर चढवले तर निचरा आणखी मंदावतो.

पुतण्याच्या आक्षेपातही तथ्य आहे. खरीप पड ठेवली की वर्षाला एकच पीक हाती येते. उघड्या रानावर पावसाचे थेंब थेट आदळतात आणि सुपीक माती वाहून जाते. हैदराबादजवळच्या पाटणचेरू येथील इक्रिसॅट या संस्थेने १९७० च्या दशकात भारी काळ्या जमिनींवर प्रयोग केले. जादा पाण्याला वाट करून दिली तर पुरेसा पाऊस असलेल्या भागात या जमिनीत खरीप आणि रब्बी अशी दोन्ही पिके घेता येतात, असे त्यातून दिसले. कापूस आणि सोयाबीन पसरल्यावर बीडच्या शेतकऱ्याने पड मोडली, पण पडीबरोबर जाणाऱ्या निचऱ्याच्या सोयीची जागा भरून काढली नाही. सध्याच्या नुकसानीचे एक मोठे कारण हे आहे.

बांधांचा अनुभव

चुलते: सुधारणा आम्हीबी पाहिल्यात. वावरात बांध घातले, म्हणे पाणी अडंल. काळ्या रानात पाणी अडलं ते अडलंच, पिवळं पडलं सगळं. मोठ्या पावसात बांध फुटला आणि घळ पडली ती आजबी आहे.

पुतण्या: बप्पा, चूक बांधात नव्हती. हलक्या रानाचा उपाय भारी रानात केला, ही चूक होती.

मृद्संधारणाच्या इतिहासात हा प्रकार नोंदलेला आहे. मुंबई प्रांतात १९४२ च्या जमीन सुधारणा योजना अधिनियमानंतर समपातळी बांधांची कामे मोठ्या प्रमाणावर झाली. हलक्या आणि मध्यम जमिनीत त्यांनी माती धरली. भारी काळ्या जमिनीत पाणी बांधाच्या वरच्या अंगाला दिवसेंदिवस उभे राहिले, पीक कुजले आणि भेगाळलेले बांध फुटले. त्यानंतर अशा जमिनीसाठी ढाळीच्या बांधांची शिफारस पुढे आली. ढाळीच्या बांधाला किंचित उतार असतो. त्यालगत पाणी हळूहळू सरकत गवत लावलेल्या चरात आणि पुढे ओढ्यात जाते. या अनुभवातून एक कसोटी मिळते: उपाय नवा की जुना हे पाहण्याआधी तो कोणत्या मातीसाठी आहे ते पाहावे. अंबाजोगाई तालुका २०१६ मध्ये पानी फाउंडेशनच्या पहिल्या वॉटर कप या जलसंधारण स्पर्धेत होता. तिथे डोंगरउतारावर खोदलेले सलग समतल चर योग्य ठरतात. तेच चर माजलगावच्या सपाट काळ्या रानात खोदणे हे जुन्या बांधांच्या चुकीची पुनरावृत्ती ठरेल.

कालव्यानंतरचे पाणी

पुतण्या: पावसाचं पाणी तुम्हाला कळतं, बप्पा, ते खरं. पण आपल्या खालच्या पट्टीत मार्गशीर्षात पाऊस नसताना ओल वर येती. वाळल्यावर पांढरा थर दिसतो. हे आज्याच्या काळी होतं का?

चुलते: नव्हतं. पाट आल्यापासून सुरू झालं. पण पाट आल्यापासून पाणी मोजून देतो कोण? पाळी आली की रात्रभर बारं सोडून माणसं झोपत्यात.

जायकवाडी प्रकल्पाची पायाभरणी १९६५ मध्ये लालबहादूर शास्त्री यांच्या हस्ते झाली आणि १९७६ मध्ये इंदिरा गांधी यांच्या हस्ते प्रकल्पाचे उद्घाटन झाले. पैठण धरणाची एकूण साठवण क्षमता २,९०९ दशलक्ष घनमीटर आहे. त्याचा १३२ किलोमीटर लांबीचा उजवा कालवा गेवराईमार्गे सिंदफणेवरील माजलगाव जलाशयापर्यंत येतो आणि माजलगावचा उजवा कालवा तिथून पुढे जातो. या पाण्याने उसाचे क्षेत्र वाढले. त्याबरोबर कालव्यांतून आणि चाऱ्यांतून होणारी गळती आणि मोकाट पाणी देण्याची सवयही आली. खोल चिकण थरांतून हे पाणी खाली लवकर जात नाही, म्हणून भूजलाची पातळी वर चढते. भारतात पातळी जमिनीखाली २ मीटरच्या आत आली तर ती जमीन पाणथळ मानतात, २ ते ३ मीटर असेल तर धोक्याची मानतात.

पातळी वर आली की केशाकर्षणाने पाणी पृष्ठभागापर्यंत चढते आणि वाफ होऊन जाते. क्षार मागे राहतात. क्षारांची विद्युतवाहकता ४ डेसीसायमन प्रति मीटरपेक्षा जास्त आणि सामू ८.५ पेक्षा कमी असेल तर जमीन खारवट ठरते. विनिमययोग्य सोडियम १५ टक्क्यांच्या वर आणि सामू ८.५ च्या वर गेला तर ती चोपण होते. चोपण जमिनीत मातीचे कण विखुरतात आणि उरलासुरला निचराही बंद होतो.

जुन्या ज्ञानाची मर्यादा इथे उघडी पडते. पडीची रीत, आडवी पेरणी, सांडवा या सगळ्याचा विचार वरून पडणाऱ्या पाण्यासाठी झाला होता. बारमाही कालवा खालून पाणी चढवतो, आणि त्याचा अनुभव परंपरेच्या गाठीशी नव्हता. हा प्रश्न महाराष्ट्रात बीडच्या आधी नीरा खोऱ्याने भोगला. दख्खनच्या कालव्यांवरील जमिनी पाणथळ होऊ लागल्यावर सिंचनपद्धती सुधारण्यासाठी मुंबई सरकारने १९१६ मध्ये एक खास सिंचन कक्ष स्थापन केला. खडकवासल्याचे केंद्रीय जल आणि विद्युत संशोधन केंद्र हा त्याचाच विस्तार आहे. म्हणजे कालव्याबरोबर निचऱ्याची सोय करावी लागते, हे राज्यात शंभर वर्षांपूर्वी कळले होते.

भूमिगत पाइप: काय साधते, काय साधत नाही

भूमिगत निचऱ्यात सच्छिद्र पन्हाळी पीव्हीसी पाइप साधारण एक ते सव्वा मीटर खोलीवर ठरावीक अंतराने पुरतात. पाइपाभोवती कृत्रिम धाग्याची गाळणी असते, त्यामुळे माती आत शिरत नाही. हे उपपाइप मुख्य पाइपाला आणि मुख्य पाइप ओढ्याला किंवा खोल चराला जोडतात. भूजल पाइपाच्या पातळीवर येऊन थांबते. पाऊस आणि सिंचनाचे गोडे पाणी वरचे क्षार विरघळवून पाइपात नेते, म्हणून दोन-तीन हंगामांत खारवट रान पिकाऊ होऊ लागते. सांगली जिल्ह्यातील कसबे डिग्रज येथील कृषी संशोधन केंद्राने या विषयावर काम केले आहे. कोल्हापूर जिल्ह्यात शिरोळच्या श्री दत्त सहकारी साखर कारखान्याच्या पुढाकाराने अनेक गावांतली क्षारपड जमीन याच मार्गाने लागवडीखाली आली.

जमिनीखालून उताराने पाणी नेण्याची कल्पना बीडला अपरिचित नाही. बीड शहराजवळची खजाना बावडी सोळाव्या शतकात, निजामशाहीच्या काळात बांधलेली आहे. तिचे पाणी भूमिगत नहरींतून शेतांकडे जाते. उपसा न करता, केवळ उताराच्या बळावर चालणारी ही रचना आणि निचऱ्याचा पाइप यांचे तत्त्व एकच आहे: पाणी जिथे पोहोचवायचे ती जागा खाली असली पाहिजे.

चुलते: आणि आपला ओढा? तो पाइपाच्या खाली आहे का वर?

पुतण्या: दोन ठिकाणी बुजलाय. पावसाळ्यात तर वावराच्या बरोबरीनं वाहतो.

चुलते: मग पाइपातलं पाणी जाणार कुठं? उलटं आपल्याच रानात येईल.

हा प्रश्न तंत्राच्या मुळाशी जातो. पाण्याला पुढे वाट नसेल तर पाइपांवरचा सगळा खर्च वाया जातो. चिकण मातीत पाणी पाइपाकडे सावकाश सरकते, त्यामुळे पाइप जवळजवळ टाकावे लागतात आणि एकरी खर्च वाढतो. २०१५-१६ च्या कृषी गणनेनुसार महाराष्ट्रात सरासरी धारणा १.३४ हेक्टर आहे. एवढ्या रानातल्या एका हंगामाच्या उत्पन्नात हा खर्च निघत नाही. चोपण जमिनीत नुसत्या पाइपाने भागत नाही. माती परीक्षणानुसार जिप्सम घालून सोडियम हटवावा लागतो, सेंद्रिय खत आणि धैंच्याचे हिरवळीचे खत द्यावे लागते. आणि शेजारचा ऊस मोकाट पाण्यावरच राहिला तर पाइप शेजाऱ्याचेही पाणी ओढत बसतो. म्हणून चुलत्यांचा मोजून पाणी देण्याचा आग्रह पहिल्या पायरीवर येतो. ठिबक, चाऱ्यांचे अस्तरीकरण आणि पाळीचे नियमन यांनी भूजलात पडणारी भर कमी होते आणि मग कमी पाइपांत काम होते.

दोन्ही बाजू जिथे जुळतात

साधे पाऊसपाणी तुंबणाऱ्या रानात पाइपाची गरज बहुधा पडत नाही. तिथे पृष्ठभागावरचा निचरा पुरतो. रुंद सरी वरंबा यंत्राने वरंब्यावर पेरणी होते आणि दोन्ही बाजूंना सऱ्या पडतात. पावसाचा खंड पडला तर सरीत मुरलेली ओल पिकाला मिळते, झड लागली तर सरीतून जादा पाणी निघून जाते. सोयाबीनसाठी परभणीच्या वसंतराव नाईक मराठवाडा कृषी विद्यापीठाने आणि कृषी विभागाने या पद्धतीचा बराच प्रसार केला आहे. यंत्र मिळाले नाही तर पेरणीनंतर चार किंवा सहा ओळींआड डवऱ्याला दोरी गुंडाळून मृत सरी काढता येते. औत जुनेच, काम नवे.

जालना जिल्ह्यातून पसरलेली 'जलतारा' पद्धतही अशीच आहे. एकरातल्या सर्वांत खोलगट जागी सुमारे पाच फूट लांब, पाच फूट रुंद आणि सहा फूट खोल खड्डा घेऊन तो दगडांनी भरतात. वरचे पाणी चिकण थर ओलांडून खालच्या मुरमात जाते. पीक वाचते आणि विहिरीला पाणी येते. खाली मुरूम असेल तिथे हा उपाय दोघांचेही म्हणणे राखतो. पण कालव्याखाली, जिथे भूजल आधीच वर आहे, तिथे आणखी पाणी खाली घालणे चुकीचे ठरते.

पाणी कुणाच्या रानात सोडायचे?

चुलते: वरच्याचं पाणी खालच्याच्या रानात जायचंच. आधी ओढा होता म्हणून भांडण नव्हतं. आता ज्यानंत्यानं जेसीबी लावून ओढा वावरात घेतला.

पुतण्या: मग तहसीलला अर्ज देऊ.

चुलते: अर्ज दे. पण आधी सगळ्यांना पारावर बसव. अर्जानं एक बांध फुटंल, अख्खा ओढा मोकळा नाही व्हायचा.

निचऱ्याचा सर्वांत अवघड भाग शेताच्या हद्दीबाहेर आहे. पृष्ठभागावरच्या पाण्याचा नैसर्गिक प्रवाह अडवून कुणी दुसऱ्याच्या शेताचे नुकसान केले तर मामलेदार न्यायालय अधिनियम, १९०६ च्या कलम ५ नुसार तहसीलदार तो अडथळा काढण्याचा आदेश देऊ शकतात. कालव्याच्या क्षेत्रात लाभक्षेत्र विकासाच्या कामांत शेतचारीबरोबर शेतचराचाही समावेश होतो. २००५ च्या सिंचन पद्धतीच्या शेतकऱ्यांकडून व्यवस्थापन अधिनियमाने पाणीवापर संस्थांना कायद्याचा आधार मिळाला. पाणी वाटून घेणाऱ्या याच संस्थांनी जादा पाण्याच्या चरांची देखभाल पत्करली तर एका शेतकऱ्याला न पेलणारे काम गावाच्या आवाक्यात येते. पुतण्याकडे कायदा आणि यंत्र आहे. ओढा मूळचा कुठून वाहत होता, हे मात्र चुलत्यांना नकाशाशिवाय ठाऊक असते.

दुष्काळी वर्षाचा आक्षेप

परंपरेच्या बाजूचा शेवटचा आणि सर्वांत भावनिक आक्षेप दुष्काळाचा असतो: ज्या जिल्ह्यात थेंबाला महत्त्व आहे तिथे पाणी बाहेर का सोडायचे? त्याचे उत्तर पाण्याच्या प्रकारावर अवलंबून आहे. सऱ्यांतून आणि वरच्या चरांतून निघणारे पावसाचे पाणी गोडे असते. ते शेततळ्यात घेऊन पावसाच्या खंडात तुरीला किंवा रब्बी ज्वारीला एक संरक्षित पाणी देता येते. तिथे निचरा हेच साठवणुकीचे साधन होते. खारवट रानातल्या पाइपांतून येणारे पाणी क्षारयुक्त असते. ते तपासल्याशिवाय तळ्यात किंवा विहिरीत घेऊ नये. कमी पावसाच्या वर्षी मुख्य पाइपाच्या तोंडाला झडप लावून भूजल हव्या त्या पातळीला रोखता येते.

निर्णयाचा क्रम

दोन्ही बाजू ऐकल्यावर बीडच्या शेतकऱ्यासाठी एक क्रम ठरवता येतो. पाऊस थांबून काही आठवडे झाल्यावर रानात दीड-दोन मीटर खोल खड्डा घ्यावा. वर पाणी तुंबत होते पण खड्डा कोरडा निघाला, तर दुखणे वरचे आहे. त्याला रुंद सरी वरंबा, मृत सरी, ढाळीचे बांध आणि शेततळे पुरे होतात. खड्ड्यात पाणी उभे राहिले तर भूजल चढलेले आहे. अशा वेळी माती आणि पाणी तपासून घ्यावे, पाण्याची मात्रा कमी करावी, ओढा मोकळा करावा आणि त्यानंतर गरज उरली तर शेजाऱ्यांसह भूमिगत पाइपांचा विचार करावा. अतिशय भारी, सखल आणि बाहेर वाट नसलेल्या तुकड्यात आजही खरीप पड आणि रब्बी ज्वारी हाच सर्वांत स्वस्त उपाय आहे. बालाघाटाच्या हलक्या रानात पाणी मुरवण्यालाच प्राधान्य द्यावे. पाइपांची खरेदी या यादीत शेवटी येते, ओढ्याची मोजणी आणि साफसफाई सर्वांत आधी. ओढा बुजलेला असेल तर जुनी रीतही उपयोगी पडत नाही आणि नवे यंत्रही नाही.